बाबा घाईत होते

प्रिय धाकट्या सावकाशा,

डेपोत हल्ली तुला याच नावाने हाक मारतात असं ऐकलं, म्हणून मीही तेच लिहिलं. थोरला सावकाश म्हणजे तुझे बाबा. बस इतकी हळू चालवायचे की म्हातारी माणसं मुद्दाम त्यांच्या गाडीसाठी थांबायची आणि कॉलेजची पोरं त्यांची गाडी दिसली की कपाळाला हात लावायची. नाव चिकटलं ते चिकटलंच. मीसुद्धा चिडले की म्हणायची, अहो सावकाश, जरा भराभर जेवा, आम्हाला भांडी आवरायची आहेत. त्यांचं नाव तुला मिळालं, त्यांच्या जागेवर नोकरी मिळाली, गणवेशाचा कोटसुद्धा मिळाला असता, पण तुझे खांदे रुंद निघाले. मी बरी आहे. गुडघे कुरकुर करतात, पण त्यांचं ऐकत बसायला मला वेळ कुठे आहे? हॉस्पिटलच्या धुलाईघरात नवीन यंत्र आलंय. एका बाजूने ओली चादर घालायची, दुसऱ्या बाजूने ती इस्त्री होऊन निघते. आम्ही दोघीतिघी दिवसभर घड्या घालतो आणि सगळ्या जगाच्या उखाळ्यापाखाळ्या काढतो. सूनबाई दर रविवारी न चुकता फोन करते. डॉक्टरांनी काय सांगितलं, बाळ किती हलतं, पाय किती सुजले, सगळं सांगते. मुलगी गुणाची आहे. तुझ्या वाट्याला कशी आली, हे मला अजून कळलेलं नाही.

तर बातमी अशी की तू आमच्या धुलाईघरात प्रसिद्ध झाला आहेस. मागच्या महिन्यात आमच्या इस्त्रीवालीने मोबाइल माझ्या नाकासमोर धरला. तिचा भाचा तुमच्या डेपोत मेकॅनिक आहे, त्याने व्हिडिओ पाठवला होता. तुमच्याकडे रस्तासुरक्षेचा कार्यक्रम झाला ना, त्यात तू स्टेजवर उभा, केस बसवलेले, हातात माइक. मी चष्मा पुसून घेतला. म्हटलं, बघू तरी आपला मुलगा चार माणसांत कसा बोलतो. छान बोलतोस रे. आवाज कुठे चढवायचा, कुठे बारीक करायचा, तुला बरोबर ठाऊक आहे. माझे वडील याच डेपोचे ड्रायव्हर होते, म्हणालास. आयुष्यभर त्यांनी गाडी जपून चालवली आणि एका सकाळी घाई केली. मला मोटरसायकलवरून परीक्षेला पोचवायचं होतं म्हणून त्यांनी वळणावर बसला ओव्हरटेक केलं. मी मागे बसलो होतो. मी ओरडलो, बाबा, नको! एवढं बोलून तू थांबलास आणि डोळ्यांना रुमाल लावलास. समोरची नवीन भरतीची पोरं कशी माना पुढे काढून बघत होती. मग टाळ्या. तुमच्या मॅनेजरने तुझ्या पाठीवर हात ठेवला. इस्त्रीवाली रडली. मला म्हणाली, ताई, किती सोन्यासारखा मुलगा आहे तुमचा. मी म्हटलं, हो ना. आणि चादरीच्या घड्या घालत राहिले. दोन चादरी उलट्या घातल्या गेल्या, त्यावरून मुकादमाची बोलणीही खाल्ली.

त्याच संध्याकाळी डबलबेल घरी आले. तुला आठवतात ना, बाबांचे कंडक्टर? रिटायर होऊन काठी आली तरी दारात उभं राहून दोनदा बेल दाबायची सवय काही गेली नाही. चहा पुढे ठेवला तर कप तसाच धरून बसले. मग हळूच म्हणाले, वहिनी, पोरगं छान बोललं हो, पण मला एक समजत नाही. सावकाशने ओव्हरटेक केलं? वळणावर? मी त्याच्या गाडीत अर्धा जन्म काढला. पुढे बैलगाडी असली तरी तो तिच्यामागून जायचा, प्रवासी शिव्या द्यायचे, त्या मी खायचो. मी म्हटलं, कोर्टात तसंच लिहिलं आहे, भाऊजी. ते म्हणाले, कोर्ट त्याच्या गाडीत कधी बसलं होतं का? चहा न पिताच गेले. त्यांना वाटलं असेल, वहिनींना वाईट वाटलं. मला वाईट वाटलं नव्हतं, बाळा. मला राग आला होता, आणि तो अजून उतरलेला नाही.

तू म्हणशील, आई, हे सगळं सहा वर्षांपूर्वीचं, आता कशाला उकरायचं? मी काहीच उकरत नाही. उकरतात ते वकील. तू बाबांच्या अपघाताच्या भरपाईच्या केसला तारखांना येणं बंद केलंस. तुझी ड्युटी असते, तुझं बरोबर आहे. मी मात्र जाते. बदली रजा टाकते, दोन बस बदलते आणि कोर्टातल्या त्या लांब बाकावर कागदांचं पाकीट मांडीवर घेऊन बसते. तिथे तुझ्या बाबांना कोणी नावाने ओळखत नाही. मयत म्हणतात. मयताचं वय, मयताचा पगार, मयत स्वतःवर किती खर्च करत होता तो वजा करा. मला हसू येतं. स्वतःवर काय खर्च करायचे ते, महिन्यातून एकदा केस कापायचे आणि कानात घालायचा कापूस! खालच्या कोर्टाने भरपाई ठरवली आणि त्यातली निम्मी कापली. का, तर समोरून धडकलेला टँकरवाला जोरात होता हे खरं, पण मयतही घाईत होता, असं मयताच्या मुलानेच शपथेवर सांगितलं आहे. मग आपण वर अपील केलं, की निम्मी कापू नका. टँकरच्या विमा कंपनीनेही अपील केलं, की निम्मी तरी का द्यायची, सगळा दोष मयताचाच आहे.

मागच्या सुनावणीला कंपनीचे वकील उभे राहिले. तेच, तुझी उलटतपासणी घेणारे, मृदू आवाजाचे. त्यांनी डेपोचा हजेरीचा कागद दाखवला. मयत आदल्या रात्री ड्युटीवर होता, सकाळी घरी आला आणि तासाभरात मोटरसायकल घेऊन निघाला. रात्रभर जागलेला माणूस, वर घाई. मयताने स्वतःचं मरण स्वतः ओढवून घेतलं. अगदी अशाच शब्दांत म्हणाले, आणि जजसाहेबांनी मान हलवून लिहून घेतलं. मी बाकावर बसून ऐकत होते. माझ्या शेजारी एक बाई होती, तिचा नवरा ट्रकखाली गेला होता. ती म्हणाली, तुमचे हेच का? मी म्हटलं, नाही, हे दुसरे कोणीतरी आहेत. खरंच मला ते कोणी दुसरे वाटले. रात्रपाळी करून आल्यावर तुझे बाबा साधी सायकलसुद्धा चालवायचे नाहीत, हे तुला माहीत नाही का? झोप झाल्याशिवाय स्टिअरिंगला हात लावायचा नाही, हा त्यांचा नेम. एकदा तू तापाने फणफणत होतास, तेव्हाही त्यांनी शेजारच्या रिक्षावाल्याला उठवलं, स्वतः गाडी काढली नाही. मी तेव्हा त्यांना नाही नाही ते बोलले. त्यांनी ऐकून घेतलं आणि तुला मांडीवर घेऊन मागे बसले.

आता तू कान टवकारले असशील. बरोबर टवकारलेस.

हे बघ, त्या वेळी मी कुठे कामाला होते? याच हॉस्पिटलच्या तळघरात. अपघातानंतर बाबा वरच्या मजल्यावर दोन दिवस होते. तुला खालच्या वॉर्डात ठेवलं होतं, गळ्याजवळचं हाड मोडलं म्हणून. नातेवाइकांना भेटायची वेळ ठरलेली असते, पण स्वच्छ चादरी घेऊन जाणाऱ्या बाईला कोण अडवणार? मी दर तासा-दोन तासाला चादरी घेऊन जात होते. दुसऱ्या दिवशी दुपारी ते शुद्धीवर होते. मला म्हणाले, दार लोट. म्हणाले, पोलिसाला मी सांगितलंय, गाडी मी चालवत होतो. तूही तेच सांग. मला आधी कळेचना. मग म्हणाले, माझे डोळे मिटत होते, म्हणून मी मागे बसलो. चालवत तो होता. त्याला लायसन नाही, वय नाही, पोराचं आयुष्य नासेल. मी काही बोलायच्या आत त्यांनी माझा हात धरला. बसच्या पुढे काढायला लागला, मी म्हटलं, नको रे, नको, म्हणाले. पण त्याच्या कानापर्यंत गेलं नसेल, हेल्मेट होतं त्याला. आपलं एकच हेल्मेट होतं. ते त्यांनी तुला घातलं होतं.

स्टेजवर तू जे ‘नको’ म्हणालास ना, ते त्यांचं होतं. तू ऐकलं होतंस तर मग.

आणखी एक सांगून गेले. म्हणाले, तुला माहीत आहे हे त्याला कधी कळू देऊ नकोस, तुझ्यासमोर त्याची मान खाली जाईल. मी ते पाळलं. तू प्लॅस्टरमध्ये घरी आलास, मला बिलगून रडलास, आई, बाबा चालवत होते, म्हणालास. मी म्हटलं, हो बाळा. तू अठरा पूर्ण केलीस, लायसन काढलंस, डेपोत चिकटलास, लग्न केलंस. मी मूग गिळून बसले. मला त्याचं काही वाटलं नाही, खरंच. नवऱ्याने दिलेला शब्द बायकोने पाळला, एवढंच. बाप मुलासाठी खोटं बोलला, मुलाने बापाचं ऐकलं. त्यात तुझी चूक मी धरलीच नव्हती. सतरा वर्षांच्या पोराने वळणावर मूर्खपणा केला, त्याचीही नाही.

पण कोर्टात तुला काय सांगायचं होतं? बाबा चालवत होते, टँकर जोरात आला, धडकला. संपलं. आपल्या वकिलांनी तुझ्याकडून तेवढंच घोटून घेतलं होतं. मी मागच्या बाकावर बसले होते. कंपनीचे वकील गोड हसले, तुला पाणी विचारलं, आणि म्हणाले, तुम्हाला परीक्षेला उशीर होत होता, म्हणजे वडील घाईत असतील, साहजिक आहे. तुला नाही म्हणता आलं असतं. माहीत नाही म्हणता आलं असतं. आपले वकील डोळे वटारून बघत होते. आणि तू म्हणालास, हो, बाबा घाईत होते. तिथेही थांबला नाहीस. बसला ओव्हरटेक केलं, मी मागून बघत होतो, म्हणालास. तुला कोणी विचारलं होतं? मी तेव्हा मनाशी म्हटलं, घाबरलं पोर. तू घाबरला नव्हतास. तुला हलकं वाटत होतं. तुझ्या अंगावरचं एकेक काढून तू त्यांच्या अंगावर घालत होतास. मेलेल्या माणसाचं काय जातं? तो थोडाच कोर्टात उभा राहणार आहे! त्या तुझ्या एका वाक्यावर साहेबांनी निकालात अख्खं पान लिहिलं. सगळं आयुष्य ज्याला लोकांनी सावकाश म्हणून चिडवलं, तो आता कायमचा कागदोपत्री घाईत आहे.

तरीही मी गप्प होते. म्हटलं, जाऊ दे, कोर्टाचे कागद कोण वाचतंय. पण तू ते माइकवर सांगितलंस. त्यांच्याच डेपोत, त्यांच्याच माणसांसमोर, टाळ्या घेतल्यास. नव्या पोरांना सांगितलंस, माझ्या बापासारखं करू नका. मला वाटतं, तुझा आता त्यावर विश्वाससुद्धा बसला आहे. म्हणून तर रुमाल इतका बरोबर वेळेवर निघाला.

दुसऱ्या दिवशी मी वकिलांकडे गेले आणि सगळं सांगून टाकलं. ते आधी खुर्चीत ताठ झाले, मग त्यांचे डोळे चमकले. म्हणाले, आजी, हे आधी का नाही सांगितलंत? मागे बसलेल्या माणसाचा दोष नसतो. ते मागे बसले होते हे ठरलं, तर त्यांच्या नावावर कापलेलं सगळं परत येईल. मी म्हटलं, मला पैसे नकोत, तेवढी ती ओळ पुसायची आहे. त्यावर त्यांनी मला लहान मुलीसारखं समजावलं. कोर्ट नाव धुऊन देत नाही, म्हणाले. तुम्ही पैसे मागितलेत तर कोर्ट बघेल की दोष कोणाचा होता, आणि त्या ओघात ओळ पुसली जाईल. पैसे नको म्हणालात, तर कोर्ट म्हणेल, मग अपील कशाला? मला ते पटलं; आमच्या धुलाईघरात कोणी गठ्ठा आणून, नुसते डाग काढा, बिल नको, असं सांगितलं तर मुकादम तो आत तरी घेईल का? मग मी म्हटलं, बरं, मागा पैसे. आता लोक काय म्हणणार तेही मला कळतं. म्हातारीने पैशांसाठी पोटच्या पोराला गोवलं. डेपोत म्हणतील, नातेवाईक म्हणतील. म्हणू देत. पैसे आले तर मी घेणार आहे, आणि त्यातलं तुला काही देणार नाही, हेही लिहून ठेवते म्हणजे नंतर गैरसमज नको.

तुझी साक्ष पुन्हा घ्यायचा अर्ज मंजूर झाला. सोमवारी तुला पुन्हा पिंजऱ्यात उभं राहायचं आहे, कागद डेपोच्या पत्त्यावर येईल. वकील म्हणाले, तुम्ही जे सांगताय ते तुम्ही ऐकलेलं आहे, डोळ्यांनी पाहिलेलं नाही, त्याला वजन कमी. सगळं मुलाच्या तोंडावर आहे. तो हो म्हणाला तर हो. हेही सांगितलं की हो म्हणालास तर आधीची शपथ खोटी ठरते, त्याचा खटला होऊ शकतो, आणि डेपो असा ड्रायव्हर ठेवेल असं वाटत नाही. घरात मूल येणार आहे, नोकरी जाईल, भाड्याची खोली आहे. मला काय हे कळत नाही? मी दोन रात्री याच हिशेबात काढल्या आणि तरी सही केली. नाही म्हणायचं असेल तर तेही सोपं आहे. आईला वयामुळे भास होतात म्हण, पैशांचा मोह झाला म्हण. साहेब तुझंच ऐकतील. कंपनीचे वकील तर तुला स्वतःच्या हाताने पाणी देतील. मी समोर बसलेली असेन. उठून काही बोलणार नाही.

आता हे पत्र का लिहिलं ते सांगते. तुला समजवायला नाही. तुला मी ओळखते, फोन केला असता तर तू दहा मिनिटं रडला असतास आणि मला गुंडाळलं असतंस. नुसतं पत्र धाडलं असतं तर वाचून फाडलं असतंस आणि घरात ताकास तूर लागू दिली नसतीस. म्हणून पाकिटावर मी तुझं नाव घातलेलं नाही, सूनबाईचं घातलं आहे. टपाल दुपारी येतं, तू संध्याकाळी घरी येतोस. तिने प्रत्येक शब्द वाचला असेल, तिला सावकाश वाचायची सवय आहे. हे तुझ्या हातात तिनेच दिलं आहे आणि आत्ता ती समोर उभी आहे. सोमवारी कोर्टात काय म्हणायचं ते तू नंतर ठरव. आधी तिला सांग, गाडी कोण चालवत होतं.

तुझीच, पण त्यांची आधी,
आई